अखाजीला मोटार थांबत असे

गुरुवार, ता. २० मे १९३७

मागच्या शुक्रवारच्या पानावर चूक आहे. खोडत नाही, इथे दुरुस्त करते. तिथे लिहिले आहे, "द्वारका रस्त्याच्या कडेला उभी होती आणि मोटार तिच्या अंगावर आली." द्वारका कडेला नव्हती. खडीवर, रस्त्याच्या मधे होती. उभीही नव्हती, धावत पुढे आली होती, उजवा हात वर.

नवल याचे वाटते की मी खोटे लिहायला बसले नव्हते. अखाजीच्या दिवशी पानाला हात लावला नाही. दुसऱ्या दिवशी लिहिले, तोवर ओट्याओट्यावर "पोर कडेले उभी व्हती" हेच चालले होते. इतक्यांदा ऐकले की मला ती कडेला दिसूसुद्धा लागली. डोळ्यांनी पाहिलेले कानांनी ऐकल्यावर बदलते का? आणि बदलले हे माणसाला कसे कळावे? मला कळले ते योगायोगाने. आज माय लोणच्याच्या कैऱ्या फोडत होती, कोयता वर गेला, आणि एकदम द्वारकेचा हात आठवला.

शनिवार, ता. २२ मे

आबा, नाना (माझे काका, द्वारकेचे वडील) आणि मी चोपड्याला वकीलसाहेबांकडे गेलो. २८ जूनला तिथल्या मॅजिस्ट्रेटच्या कचेरीत उतारूंच्या मोटारीच्या ड्रायव्हरवर खटला आहे. त्यात दोष कोणाचा हे ठरेल, आणि त्यावर द्वारकेच्या भरपाईचे अवलंबून.

व. सा. नानांना म्हणाले, "मुलगी कमावती आहे?"

नाना : "नाही जी. शिंदखेड्याला दिलेली. घरचं करते, शेतातलं करते."

"मग नुकसान काय लिहू?"

नाना माझ्याकडे पाहू लागले. मी म्हटले, पाय गेल्यावर जी जी कामे होणार नाहीत ती लिहिता येतील. व. सा. हसले. वाईट नाही हसले. "बाई, घरच्या कामाला भाव नसतो."

परतताना सारखे मनात. कापूस वेचणारणीला मजुरी मिळते. तोच कापूस द्वारकेने सासरच्या शेतात वेचला तर त्याला भाव नाही. कापूस तोच, बोटे तशीच. भाव कुठे गेला? आबांना विचारले. म्हणाले, "पोरी, तू फायनलची परीक्षा पास झालीस तेव्हापासून मला उत्तरं येईनाशी झालीत."

साक्ष माझी ठरली. "शिकलेली आहे, शुद्ध बोलते." आबांची छाती फुगली. घरात शाळेची पायरी चढलेली मी पहिली, त्याचे चीज झाले म्हणे.

व. सा. म्हणाले, कोर्टाला काहीच माहीत नाही असे समजून सांगायचे. उद्या तसे लिहून बघते.

रविवार, ता. २३

कोर्टाला माहीत नाही असे समजून :

रस्ता चोपड्याहून शिरपूर, तिथून धुळे. रस्त्याच्या या बाजूला आमचे खुर्द, त्या बाजूला बुद्रुक. नाल्यावर फरशी, म्हणजे बुटका पूल, आहे. फरशीच्या अलीकडे, चोपड्याच्या अंगाला, मोठा कडुनिंब. अखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सासरी दिलेल्या मुली माहेरी येतात. दुपारी दोन्ही गावच्या बाया गौराई नाल्यात सोडतात आणि रस्ता मधे ठेवून समोरासमोर उभ्या राहतात. मग शिव्या. मग दगड. दगड कोणाला लागावा म्हणून मारायचा नसतो, पलीकडच्यांच्या डोक्यावरून जावा म्हणून मारायचा. ज्याचा दूर जाईल त्या गावाची सरशी. संध्याकाळी त्याच बाया एकमेकींना गोड सांजोऱ्या देतात. पुरुष त्या दिवशी पत्ते खेळतात, फरशीकडे फिरकत नाहीत. म्हणून गावच्या एकाही पुरुषाने काही पाहिलेले नाही, आणि फौजदाराने विचारले ते फक्त पुरुषांना.

लिहून वाचले. हे कोर्टात कसे सांगायचे? धुळ्याला मामांकडे शिकत होते तेव्हा तिथल्या मुलींनासुद्धा मी हे कधी सांगितले नाही. "शिव्या कोणत्या?" असे विचारले तर?

सोमवार, ता. २४

गोवऱ्यांचे निमित्त करून फरशीकडे गेले. काच शोधली. मोटारीची पुढची काच फुटली हे सगळ्या गावाने पाहिले. गाव म्हणते, ती द्वारकेच्या धक्क्याने फुटली.

द्वारका पडली फरशीच्या पलीकडच्या टोकाला, शिरपूरच्या अंगाला. तिथे एकही तुकडा नाही. सगळी काच निंबाखाली, चाकोरीत, धुळीत दबलेली. मोटार चोपड्याकडून येत होती. म्हणजे निंब आधी, फरशी नंतर. म्हणजे काच आधी फुटली, द्वारका नंतर पडली.

एक तुकडा पदरात बांधला होता. मग वाटले, जागचा हलवला तर तो काहीच सांगणार नाही. परत जाऊन होता तिथे ठेवला.

मंगळवार, ता. २५

मायला सरळ विचारले, त्या वेळी दगड कोणाचा गेला?

"कोनता दगड? दगड नव्हताच."

मी काचेचे सांगितले. ती भाकरी थापत राहिली. मग म्हणाली, "बठ्ठ्या बायासनी ठरायेल शे. आपल्याबी अन् बुद्रुकन्याबी. दगड नही, शिव्या नही. बाया गौराई लई उभ्या व्हत्या."

का, तर कचेरीत जे सांगतील ते लिहून घेतात, आणि शिंदखेड्यापासून पाचोऱ्यापर्यंत जिथे जिथे गावच्या मुली दिल्यात तिथे ते पोचेल. सुनेने भर रस्त्यात काय काय म्हटले ते सासऱ्याच्या कानावर. "तुले काय, तू मास्तरीन व्हई धुळ्याले जाशी. त्या पोरी कोठे जातीन?"

खरे आहे. शाळेच्या जागेसाठी अर्ज केलाय, अजून उत्तर नाही.

पण दोन्ही गावांच्या बायांचे एका गोष्टीवर एकमत झाले हे मी जन्मात पहिल्यांदा पाहिले.

बुधवार, ता. २६

द्वारका पडवीत खाटेवर. चोपड्याला लाकडी पट्ट्या बांधल्या होत्या, त्यांत पाय वाकडाच बसतोय. काकू गेल्यापासून ती मायच्याच हाताखाली वाढली, म्हणून आमच्याकडेच आहे. माझ्याहून वर्षाने मोठी.

मी काही विचारायच्या आत म्हणाली, "तू फरशीवर काय शोधी राहिन्ती वं?" कोणी तरी पाहिलेच.

काच, म्हटले.

"मंग दगडबी शोधना व्हता." आणि हसली. "मना व्हता तो. बुद्रुकनी सोनाक्काना डोकावरथून पार त्यासना मारुतीपावत जाता. काय निंघना व्हता हातमाईन! अन् मधमा मोटार उनी."

तीन वर्षे सासरी ती मान वर करून बोलली नाही हे मला ठाऊक आहे. तिच्या तोंडावर असा उजेड मी लग्नाच्या दिवशीही पाहिला नव्हता. पाय मोडून पडलेली बाई इतकी खूश कशी?

तिचाच दगड, पण मोटारीवर मारला नव्हता. दगड रस्ता ओलांडत होता, मोटार मधे आली. हे दोन्ही वेगळे आहे. कोर्टात वेगळे राहील का?

शुक्रवार, ता. २८, धुळे

द्वारकेला मोठ्या दवाखान्यात आणले. नाना, मी. आलो त्याच सर्व्हिसच्या मोटारीने, काच नवी. मोटारीच्या मालकाच्या, म्हणजे शेठच्या, मुनीमजींनी आपणहून पुढच्या बाकावर गादी घातली. द्वारका वाटेत कानात म्हणाली, "पाय मोडा तव्हय गादी मियनी."

डॉक्टर म्हणतात पाय पुन्हा बसवावा लागेल. लंगडेपणा थोडा राहीलच.

रविवार, ता. ३०, धुळे

पुरुषांच्या वॉर्डात तो ड्रायव्हर आहे. मला माहीत नव्हते. ड्रेसिंगच्या खोलीबाहेर बाकावर एका डोळ्याला पट्टी बांधलेला माणूस बसला होता. त्याने मला ओळखले. "तुम्ही त्या टोपलीवाल्या ताई." खरेच, गौराईची टोपली माझ्याच हातात होती.

उठून जावे असे वाटले. गेले नाही. नाव रघुनाथ, साताऱ्याकडचा. या रस्त्यावर महिनाही झाला नव्हता. म्हणाला, "ताई, आमच्याकडं शिमग्याला बाप्ये शिव्या देत्यात. बाया दगड घेऊन आमनेसामने हुभ्या, असलं कदी बगितलं न्हाई. मला वाटलं दंगा हाय."

मग थांबलात का नाही?

"शेठनी पयल्याच दिवशी बजावलंय. दंगा दिसला की थांबायचं न्हाई, गाडी काढायची. काच म्हाग हाय."

हॉर्न वाजवला होता का?

"दाबून धरला हुता. तुमच्या बायांच्या आवाजापुढं हॉर्न म्हंजे पिपाणी." हसला, आणि हसताना दुखले असावे, हात पट्टीकडे गेला. काच डोळ्यात गेली, मग पुढचे काही दिसले नाही. धक्का लागला तो फरशीचा की माणसाचा हेही त्याला नंतर कळले.

डोळा वाचणार नाही म्हणतात. डावा.

मी विचारले, तुम्हाला भरपाई कोण देणार?

तो माझ्याकडे पाहतच राहिला. "मला? ताई, मी तर आरोपी."

या अपघातात दोन माणसे जखमी झाली हे मला आज, इतक्या दिवसांनी समजले. मी काच शोधली, ती कोणाच्या डोळ्यात गेली हे शोधले नाही.

मंगळवार, ता. १ जून, धुळे

द्वारकेला सांगितले. दूध प्यायली, भिंतीकडे तोंड केले.

संध्याकाळी निघताना मागून हाक मारली. "यमू. कोनता डोया?"

डावा.

"हां," म्हणाली.

रविवार, ता. ६ जून

घरी. द्वारकेच्या पायाला प्लॅस्टर.

आज सोनाक्का आली. बुद्रुकची, गेली वीस वर्षे त्यांच्या बाजूने पहिली शिवी तिची. केस पांढरे, आवाज अजून तसा. उंबरठ्यातूनच सुरू :

"काय वं भवाने! तीन वरीस माले दगड मारस, एक लागना नही. अन् आते पाय तोडी बठनी? पुढला वरीसले माले कोन मारी?"

द्वारका : "तू जित्ती ऱ्हायनी त मीच मारसू."

दोघी हसल्या, मग सोनाक्का प्लॅस्टरवर हात ठेवून रडली. मग पुन्हा शिव्या. मायने सांजोरी नाही म्हणून लाडू दिला.

मी तिला विचारले, मागच्या वर्षांत मोटार मधे कशी आली नाही? हे माझ्या मनात धुळ्यापासून होते. मोटार तर रोज त्याच वेळेला जाते.

"मधमा कशी यी? इस्माईलभाई निंबखाले उभी करे." बरोबर! मलाही लख्ख आठवले. जुना ड्रायव्हर इस्माईलभाई अखाजीला गाडी निंबाखाली लावायचा, उतरून पाणी प्यायचा आणि मडगार्डवर बसून म्हणायचा, "चालू द्या, मला घाई नाही." बायांचे संपले की दोन्हीकडून त्याला सांजोरी मिळायची, मग गाडी निघायची. लहानपणापासून पाहिलेले. मला ते इतके रोजचे की अपघाताशी त्याचा संबंध आहे हेच सुचले नाही. इस्माईलभाई यंदा काम सोडून मुलाकडे मालेगावला गेला.

मग मी विचारले, शेठला हे माहीत होते का?

सोनाक्का : "मोटारवाला शेठ ना? तो बठेल व्हता ना मोटारमा, दोन वरीस व्हईनात. खाले उतरना, सांजोरी खादी. मी त्यालेबी एक हाणी." म्हणजे शिवी. शेठ त्यावर म्हणाला होता, "बाई, तोंड आहे की तोफ?"

शेठला माहीत होते. त्याने नव्या माणसाला सांगितले नाही. सांगितले ते काचेचे.

सोमवार, ता. ७

झोपेतही तेच. दगड आधी की थांबणे आधी? मोटार थांबली असती तर दगड डोक्यावरून गेला असता. मग दोष कुठून मोजायचा, दगड सुटला तिथून, की मोटार थांबली नाही तिथून, की शेठने सांगितले नाही तिथून? शेठचा तो दिवस तर अपघाताच्याही आधीचा.

बुधवार, ता. ९

मुनीमजी आले. नानांच्या ओट्यावर बसले. मी आत, दाराआड. बोलणे गोड. शेठला फार वाईट वाटते. मुलीसाठी काही रक्कम देतील, शिवाय नानांच्या घरातल्या सर्वांना हयातभर मोटारीत फुकट बसता येईल. अट एकच. कचेरीत म्हणायचे की दोष ड्रायव्हरचा, शेठचा हुकूम नसताना त्याने गाडी घातली. "दगडाबिगडाचं आम्ही काढत नाही. तुमच्या लेकीबाळींची अब्रू ती आमची अब्रू."

म्हणजे दगडाचे त्यांनाही माहीत आहे.

नाना म्हणाले विचार करतो. पण चेहरा मोकळा झाला होता. आजच शिंदखेड्याहून निरोप आलाय. मागे द्वारकेचा दीर येऊन पाय पाहून, चहा पिऊन, "बरा झाला की कळवा" म्हणून गेला होता. आता निरोप असा की भरपाईचे नक्की झाले तर घ्यायला येऊ. पाय लंगडा असला तरी.

द्वारका ऐकून म्हणाली, "फुकट मोटार! मी दररोज बठसू. चोपडा जासू, परत येसू." नाना हसले. मला तिचा आवाज बरा वाटला नाही.

शनिवार, ता. १२

व. सा.कडे आबांबरोबर. आबा बाहेर ओळखीच्या माणसाशी बोलत होते तेवढ्यात विचारले. समजा, एखाद्या मोटारीवर दगड आला आणि ड्रायव्हरचा डोळा गेला...

"समजा?" व. सा. चष्म्यावरून.

समजा, म्हटले.

म्हणाले, मग ड्रायव्हर सुटेल. आणि कामावर असताना इजा झाली तर मालकाने भरपाई द्यावी असा मजुरांसाठी कायदा आहे, मोटार चालवणारा त्यात बसतो. मात्र त्यानेच बेदरकारपणे गाडी घातली असे ठरले तर मालक हात वर करायला बघेल.

आणि बाई?

"बाईचे अवघड. दगड तिच्या बाजूचा म्हटल्यावर समोरचा वकील तेच धरून बसेल."

समजा, मालकाला ठाऊक होते की त्या दिवशी तिथे गाडी थांबवायची असते, आणि त्याने सांगितले नाही?

व. सा.नी पेन्सिल कानावरून काढली. "हे कोणी सांगेल का?"

मी म्हटले, समजा.

"मग बाईचा दावा मालकावर उभा राहू शकेल. शकेल म्हणतो. खात्री देत नाही. आजवर असला दावा मी पाहिला नाही." मग दाराकडे पाहून हळूच, "तुमच्या काकांनी मला तडजोडीचं सांगितलंय, बाई. हातात येणारं सोडून हे धरायचं का, ते तुमच्या घरानं ठरवावं. मला फक्त माझ्या साक्षीदारानं कचेरीत चकित करू नये."

बाहेर आल्यावर आबांनी विचारले, काय विचारत होतीस? म्हटले, शंका.

मंगळवार, ता. १५

पेरणीची घाई. सगळे शेतात. शाळेच्या जागेचे काही कळले नाही.

गुरुवार, ता. १७

सांगितले. आबा आणि नाना दोघांना, एकदम. दगड, निंबाखालची काच, थांबण्याची रीत, शेठचा हुकूम, धुळ्याचा डोळा.

नाना म्हणाले, "यमू, तू खोटं बोल असं मी म्हणत नाही. तुला कोणी दगडाचं विचारणारच नाही. विचारतील तेवढ्याचंच उत्तर दे. एवढंच."

मी म्हटले, मग त्या माणसाला शिक्षा होईल. डोळाही गेला आणि वर शिक्षा.

"आणि माझी पोर? तिला नेतील का ते लोक? तुझ्या खरेपणाची किंमत माझ्या पोरीनं द्यायची?"

नाना चूक बोलले नाहीत. माझे लग्न मोडणार नाही, माझा पाय मोडला नाही, डोळा गेला नाही. मी फक्त पाहिले. पाहणाऱ्याला एवढा अधिकार कोणी दिला?

आबा उठले. जाताना माझ्या डोक्यावर हात ठेवला. त्याचा अर्थ "बोल" की "बोलू नको" हे विचारायचा धीर झाला नाही.

शुक्रवार, ता. १८

माय बोलत नाही. ताट सरकवते.

रविवार, ता. २०

द्वारका काठी घेऊन ओट्यापर्यंत आली. मी निवडायला बसले होते. समोर बसली, पाय लांब करून.

"सोमवारनी तू काय सांगशी?"

म्हटले, अजून ठरले नाही. (हे खरे आहे का? लिहिताना शंका येते.)

"माले इचारशी नही?"

इतके दिवस मी काच पाहिली, वकिलाला विचारले, सोनाक्काला विचारले, ड्रायव्हरला विचारले. द्वारकेला काय हवे हे विचारलेच नाही. विचारले.

ती धान्यात बोट फिरवत म्हणाली, "मना दगड चांगला व्हता. आखो जनममा तसा दगड निंघाव नही. अन् माय म्हनस, तो नव्हताच." मग थोडे थांबून, "तो नव्हता, त मग त्याना डोया कसानी गया?"

मी म्हटले, आणि शिंदखेडा?

"पाय पाही गया तो. माले पाहं नही." दिराबद्दल. "पैसा उना म्हंजे पैसाले नेतीन. संगे मी."

मला वाटले ठरले. पण रात्री जेवताना नानांनी शिंदखेड्याचे नाव काढले तेव्हा तिचा घास थांबला, तेही मी पाहिले. माणसाला एकाच वेळी दोन्ही हवे असते. ती आत्ता तिकडे जाण्यासाठी रडतही असेल. पडवीत अंधार आहे, कळत नाही.

मंगळवार, ता. २२

सोनाक्काकडे बुद्रुकला गेले. विचारले, शेठ उतरला होता, सांजोरी खाल्ली, एवढे कचेरीत येऊन सांगशील का? गावच्या लेकीसुनांचे एक नाव घ्यायचे नाही, फक्त शेठचे.

"सांगसू. पन मी दिन्ही ती शिवीबी सांगाले लावतीन का?"

म्हटले, लावतील कदाचित.

जरा विचार केला तिने. "मॅजिस्ट्रेटनी माय शे का सोबत? नही ना? मंग सांगसू."

बायांचे ठरलेले मोडेल, माहेरवाशिणींचे काय, असे तिला म्हणायला गेले, तर म्हणाली, त्यांच्या सासवाही खानदेशातल्याच ना, त्या सासवांनी स्वतः दगड मारले नाहीत का कधी? हे मला का सुचले नव्हते? सासूसुद्धा कोणाची तरी माहेरवाशीण होती. पण ती आता कबूल करेल का, हा वेगळा प्रश्न.

गुरुवार, ता. २४ जून

नानांनी मुनीमजींना होकार कळवला नाही अजून. नकारही नाही. सोमवारी सकाळी कचेरीच्या दारात बघू म्हणतात. म्हणजे माझे तोंड बघून ठरवणार.

काय सांगायचे ते पुन्हा क्रमाने मनात म्हटले. वर्षानुवर्षे मोटार थांबत असे. शेठ एकदा तिच्यात होता. नव्या माणसाला कोणी सांगितले नाही. त्याने हॉर्न दिला, ऐकू आला नाही. दगड पलीकडे चालला होता. काच निंबाखाली आहे. मग फरशी. मग द्वारका, खडीवर, कडेला नव्हे. एवढे सांगून झाले की दोघांना मिळेल, की एकाला, की कोणालाच नाही, मला माहीत नाही. वकीलसाहेबांनाही माहीत नाही. मी सांगितल्यामुळे द्वारका जन्मभर या पडवीत राहिली तर काय, हा विचार दिवसातून कितीदा येतो. तो गेला म्हणून सांगायचे नाही. तो असतानाच सांगायचे आहे.

उद्या व. सा.ना आबांच्या हाती चिठ्ठी पाठवते. त्यांनी म्हटले होते, चकित करू नका.

द्वारका म्हणते मीही येणार. "त्याले पाहसू. डावा ना?" नानांनी नको म्हटले तर काठीने एकटी फरशीपर्यंत जाईन म्हणते. आबांनी आज या बाबतीत पहिल्यांदा तोंड उघडले. मायला म्हणाले, "सोमवारी पोरींच्या भाकरी बांध." पोरींच्या, म्हणाले. मायने पीठ जास्त दळले.

सोमवारी, २८ ला, चोपड्याला जाणारी सकाळची मोटार धरायची. ती गावात येत नाही, सरळ जाते. मी निंबाखाली उभी राहून हात करीन. द्वारकेला चढायला वेळ लागेल, तोवर थांबवून धरीन.